खोली कोणाची, ते आधी पाहा

अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझ्या लेखाचा मसुदा गेल्या आठवड्यात मिळाला. मी तो दोनदा वाचला, एकदा एका बैठकीत आणि एकदा हातात पेन्सिल घेऊन. फ्रेंच लघुपटांमधली तरुणांची उपसंस्कृती आणि पिढ्यांमधला ताण हा विषय तू स्वतःहून निवडलास याचा मला मनापासून आनंद झाला. कारण आपल्याकडे लघुपटाला अजूनही मोठ्या चित्रपटाची उमेदवारी समजतात, आणि या एका समजुतीपायी कितीतरी स्वयंपूर्ण कलाकृती कोणी नीट पाहतही नाही. आता मसुद्याविषयी. तुझी पहिली बारा पाने कपडे, केस, संगीत आणि नाच यांनी भरली आहेत. जर्मनांच्या ताब्यातल्या पॅरिसमध्ये लांब कोट घालून स्विंग हे जॅझ संगीत ऐकणारे झाझू तरुण, १९५९ च्या उन्हाळ्यात वर्तमानपत्रांनी ज्यांना 'काळी जॅकेटे' म्हणून हिणवायला सुरुवात केली ते ब्लूझों न्वार तरुण, २२ जून १९६३ च्या रात्री पॅरिसच्या नास्यों चौकात लोटलेली ये-ये या त्या काळच्या फ्रेंच पॉप संगीताच्या चाहत्यांची गर्दी, हे सारे तू कष्टाने जमवले आहेस आणि त्यात चूक काढण्यासारखे काही नाही. तरीही वाचताना मला सारखे वाटत राहिले की तू रस्त्यावर उभे राहून दुकानाच्या काचेतून आत पाहत आहेस. आत जाण्याचा रस्ता दुसरीकडून आहे, आणि तो दाखवण्यासाठीच हे पत्र लिहीत आहे.

लघुपट लावलास की खोली कोणाची आहे ते आधी पाहा. किल्ली कोणाकडे आहे, दार न ठोठावता कोण आत येते, उंबऱ्यावर कोणाला थांबावे लागते, दिवा कोण मालवते, हे पाहा. पिढ्यांमधले भांडण ऐकताना विचारांचे वाटते, पण पडद्यावर ते जवळजवळ नेहमी जागेचे असते. तरुणांच्या मालकीचे काहीच नसते. घर आईबापांचे, वर्ग शिक्षकांचा, कारखाना मालकाचा, चौक पोलिसांचा. मग ते त्यातलाच एखादा कोपरा तासा-दोन तासांसाठी उसना घेतात आणि तेवढ्या वेळात तिथे आपला कायदा चालवून पाहतात. मी उपसंस्कृती म्हणतो ती याला. कपडे, केस आणि गाणी ही त्या उसन्या जागेभोवती घातलेली कुंपणे आहेत, आणि तू बारा पाने कुंपणांचे वर्णन केले आहेस. लघुपटाच्या बाबतीत ही गोष्ट अधिकच खरी ठरते, कारण त्याच्याजवळ पैसा थोडा आणि चित्रीकरणाचे दिवस मोजके असतात. एक-दोन ठिकाणी सगळी कथा उभी करावी लागते, म्हणून ते ठिकाणच बोलू लागते.

याचे बीज अगदी पहिल्या कथाचित्रातही सापडेल. चित्रपटाचे आद्य प्रवर्तक ल्युमिएर बंधू यांचा १८९५ चा 'लारोझर आरोझे' एका मिनिटाहूनही लहान आहे. माळी बागेला पाणी घालत असतो, एक पोरगा मागून येऊन नळीवर पाय देतो, पाणी थांबते, माळी नळीच्या तोंडात डोकावतो, पोरगा पाय उचलतो आणि माळी चिंब होतो. इथवर सर्वांना आठवते. पुढचे सहसा कोणी सांगत नाही. पोरगा पळत सुटतो, माळी त्याला गाठतो आणि त्याला ओढत पुन्हा आपल्यासमोर, कॅमेऱ्याजवळ आणून फटके देतो. शिक्षा द्यायची तर ती बागेत, मालकीच्या जागेत, सर्वांना दिसेल अशी द्यायची. पुढच्या सव्वाशे वर्षांतल्या कितीतरी फ्रेंच लघुपटांत तीच बाग वेगळ्या रूपाने आली आहे.

झाँ व्हिगो याच्या 'झेरो द काँद्वीत' या १९३३ च्या चित्रपटाला तू अर्धे पान दिले आहेस. त्याला चार पाने दे. साधारण पाऊण तासाचा हा चित्रपट एका निवासी शाळेत घडतो. मुले सुटी संपवून आगगाडीने परततात, आणि शयनगृह, वर्ग, पटांगण या तीन जागांत त्यांना कोंडून ठेवलेले असते. शयनगृहात पर्यवेक्षकाचा पलंग पडद्याआड आहे. पडद्यामागची ती सावली म्हणजे सत्ता. बंडाच्या रात्री मुले उशा फोडतात, पिसांचा पाऊस पडतो आणि त्या पावसातून एक मिरवणूक संथ गतीने निघते. मोरीस झोबेर या संगीतकाराने या प्रसंगाचे संगीत उलट्या क्रमाने लिहून वाजवून घेतले आणि मग ती ध्वनिफीत उलटी लावली, त्यामुळे सूर ओळखीचे वाटतात पण श्वास उलटा चाललेला जाणवतो. काळ आणि जागा दोन्ही क्षणभर मुलांच्या ताब्यात आल्याचे कानांना इतके नेमके दुसऱ्या कोणी सांगितल्याचे मला आठवत नाही. सकाळी झोपलेला पर्यवेक्षक उभ्या केलेल्या पलंगाला बांधलेला दिसतो. नंतर शाळेच्या समारंभात मुले छपरावर चढतात आणि खाली बसलेल्या प्रतिष्ठितांवर हाताला येईल ते फेकतात. त्या प्रतिष्ठितांच्या मागच्या रांगेत माणसे नाहीत, पेंढा भरलेले बाहुले आहेत.

तुझ्या मसुद्यात तू या बाहुल्यांवर थांबून त्यावरून 'व्हिगोच्या लेखी प्रौढ म्हणजे पुतळे' असा निष्कर्ष काढलास. मला तो घाईचा वाटतो. त्याच शाळेत ह्युगे नावाचा एक तरुण पर्यवेक्षक आहे. तो पटांगणात चॅप्लिनची नक्कल करतो, मुलांना फिरायला नेताना स्वतःच्याच नादात भरकटतो, आणि शेवटी छपरावरच्या मुलांकडे पाहून खालून हात हलवतो. तो छपरावर जात नाही. खाली उभा राहूनच तो मुलांच्या बाजूचा आहे. मी विद्यार्थी असताना एका फिल्म सोसायटीत झिजलेल्या प्रतीवर हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला, तेव्हा ह्युगे माझ्या लक्षातही राहिला नव्हता. शिकवू लागल्यानंतर पुन्हा पाहिला तेव्हा माझे सगळे लक्ष त्याच्यावरच खिळून राहिले. वय बदलले की चित्रपटातली उभी राहण्याची जागा बदलते, ही गोष्ट तुझ्या लेखात आली पाहिजे. तुला आज छपरावरून जे दिसते ते तू पूर्ण प्रामाणिकपणे लिही, पण खाली उभा असलेला माणूस वगळू नकोस. फ्रेंच सेन्सॉरने हा चित्रपट १९३३ मध्येच बंद केला आणि बंदी दुसरे महायुद्ध संपल्यानंतरच उठली. व्हिगो १९३४ मध्ये, वयाच्या अवघ्या एकोणतिसाव्या वर्षी गेला, त्यामुळे ती उठलेली त्याला पाहायला मिळाली नाही. त्याचे वडील अराज्यवादी पत्रकार होते आणि १९१७ मध्ये तुरुंगात त्यांचा मृत्यू झाला. पोरगा वसतिगृहांत वाढला. बंद खोल्यांबद्दलचा त्याचा राग पुस्तकातून आलेला नव्हता.

युद्धानंतर हा चित्रपट फिल्म क्लबांतून पुन्हा दिसू लागला आणि एक विलक्षण गोष्ट घडली. जानेवारी १९५४ मध्ये फ्रांस्वा त्र्यूफो या जेमतेम एकवीस वर्षांच्या समीक्षकाने आधीच्या पिढीच्या प्रतिष्ठित फ्रेंच चित्रपटांवर एक जहाल लेख लिहिला, पण त्याने आणि त्याच्यासारख्या तरुण समीक्षकांनी व्हिगो आणि झाँ रन्वार या जुन्या दिग्दर्शकांना मात्र डोक्यावर घेतले. वडिलांशी भांडायचे आणि आजोबांच्या खोलीत जाऊन बसायचे, असा हा प्रकार होता. आपल्या घरांतूनही हे दिसते, म्हणून मराठी वाचकाला हे समजावून सांगायला तुला फार शब्द लागणार नाहीत. त्र्यूफोचा १९५७ चा 'ले मिस्तों' हा लघुपट नीम शहरात घडतो. पाच मुलगे एका तरुण जोडप्याचा पाठलाग करतात, त्यांना छळतात, आणि त्यांचे सगळे खेळ भर उन्हातल्या शहरात, अगदी तिथल्या रोमन रंगमंडलातसुद्धा चालतात. मुलांची टोळी पडद्यावर दिसते, पण आवाज मात्र त्यांच्यापैकीच एकाचा, मोठा झाल्यानंतरचा आहे. दोन पिढ्या एकाच माणसात राहतात. ल्युमिएरच्या माळ्याची आणि नळीची आठवणही त्यात काढलेली आहे, तू ती शोधून पाहा.

तुझ्या मसुद्यात एका गोष्टीचा उल्लेख अजिबात नाही, आणि तिच्याशिवाय १९६० च्या आसपासचे लघुपट नीट उलगडत नाहीत. फ्रान्समध्ये १९७४ पर्यंत माणूस एकविसाव्या वर्षी सज्ञान होत असे. शाळा सक्तीची होती ती चौदाव्या वर्षापर्यंत. ती मर्यादा सोळावर नेण्याचा निर्णय १९५९ मध्ये झाला, पण तो त्यानंतर मोठ्या होणाऱ्या मुलांसाठी होता. म्हणजे हजारो मुले चौदाव्या-पंधराव्या वर्षी कामाला लागत, स्वतःचे पैसे कमावत, आणि तरीही पुढची सहा-सात वर्षे कायद्याने बापाच्या हाताखाली राहत. मुलग्यांना त्याच काळात लष्करात भरती व्हावे लागे, आणि १९६२ पर्यंत भरती म्हणजे अल्जीरियाचे युद्ध असे. खिशात पगार आहे, हातात बंदूक देता येते, पण सही चालत नाही. या पोकळीतून त्या पिढीचा पोशाख आणि संगीत आले. काळ्या जॅकेटांबद्दल लिहिताना ते कोणाच्या कमाईतून आले, हा प्रश्न आधी विचार.

हा प्रश्न सर्वांत नेमका विचारणारा लघुपट झाँ अस्ताश याचा आहे. १९६६ चा 'ल पेर नोएल आ ले झ्यो ब्लू', म्हणजे 'नाताळबाबाचे डोळे निळे आहेत', सत्तेचाळीस मिनिटांचा आहे. फ्रान्समध्ये तासाहून कमी लांबीच्या चित्रपटाची गणना लघुपटातच होते, त्यामुळे तो तुझ्या विषयात निःसंकोच घे. झाँ-ल्युक गोदार या दिग्दर्शकाच्या एका चित्रपटाची उरलेली कोरी फिल्म वापरून तो चित्रित झाला. दक्षिणेतल्या नार्बोन या लहान शहरात, जिथे अस्ताश स्वतः वाढला, दानिएल नावाचा एक गरीब तरुण थंडीसाठी डफलकोट (टोपीवाला जाड लोकरी कोट) मिळवण्याच्या मागे आहे. त्या हिवाळ्यात तो कोट सगळ्यांच्या अंगावर आहे, आणि तो नसलेल्याकडे मुली पाहत नाहीत. एक छायाचित्रकार त्याला नाताळबाबाचा वेश देऊन रस्त्यावर उभे करतो. येणारे-जाणारे त्याच्याबरोबर छायाचित्र काढून घेतात. दाढी आणि लाल झग्याच्या आत शिरल्यावर त्याला कळते की आता मुलींशी बोलता येते, त्यांच्या खांद्यावर हातही ठेवता येतो. झगा उतरवला की तो पुन्हा पूर्वीचाच.

इथे किती गोष्टी एकत्र आल्या आहेत पाहा. एक पोशाख मिळवण्यासाठी दुसरा पोशाख घालावा लागतो. तरुणांच्या टोळीत शिरण्यासाठी म्हाताऱ्याचे सोंग घ्यावे लागते. दानिएलला घरात खोली आहे की नाही याने काही बिघडत नाही, कारण त्याचे सगळे आयुष्य कॅफे आणि फरसबंदी यांच्यामध्ये चालते, आणि कॅफेत बसायलाही पेयाचे पैसे लागतात. मला हा लघुपट व्हिगोच्या चित्रपटाइतकाच मोठा वाटतो, आणि त्यात कोणी बंड करत नाही, कोणी ओरडत नाही, हे त्याचे बळ आहे. तू डफलकोटाचा उल्लेख फॅशनच्या यादीत एका ओळीत केला आहेस. ती ओळ खोडून टाक आणि कोटाची किंमत दानिएलने कशाकशात मोजली ते लिही.

दोनच वर्षांनी, १० जून १९६८ रोजी, इदेक या चित्रपट महाविद्यालयाचे संपकरी विद्यार्थी पॅरिसच्या वेशीवरच्या वाँडर या बॅटरीच्या कारखान्याच्या फाटकाशी कॅमेरा घेऊन पोहोचले. संप मिटला होता आणि कामगार परत आत जात होते. एक तरुण कामगार स्त्री रडत, ओरडत सांगते की मी आत पाऊल टाकणार नाही. आतली घाण, हातपाय धुण्याचीही सोय नसणे, हे ती मोठ्याने बोलते. भोवती वयाने मोठे कामगारनेते आहेत, ते तिला समजावतात की हा विजयच आहे, टप्प्याटप्प्याने पुढे जायचे असते. सुमारे दहा मिनिटांचा हा लघुपट एकाच सलग शॉटमध्ये आहे. फिल्मचे रीळ संपते तिथे तो संपतो. तू याला राजकीय माहितीपट म्हणून बाजूला ठेवलेस, पण माझ्या मते पिढ्यांच्या ताणाचा इतका उघडा दस्तऐवज दुसरा नाही. ते नेते खलनायक नाहीत, त्यांच्या आवाजात थकवा आणि काळजी आहे, त्यांनी असे अनेक संप पाहिले आहेत. तिने हा एकच पाहिला आहे. आणि दोघांमध्ये एक फाटक आहे, जे दोघांपैकी कोणाच्याच मालकीचे नाही.

उपनगरांविषयीचा तुझा भाग चांगला आहे, तिथे मला थोडेच सांगायचे आहे. मोरीस प्याला याचा १९६० चा 'लामूर एग्झिस्त' त्याच्या आरंभी ठेव, कारण सुमारे वीस मिनिटांत तो पॅरिसबाहेरच्या वस्त्यांकडे जे पाहतो त्यात पुढच्या साठ वर्षांचे बीज आहे: कामाच्या जागेपासून दूर वसवलेली घरे, येण्याजाण्यात संपणारा दिवस, आणि मुलांना खेळायला उरलेल्या पडीक जागा. त्यानंतर थेट फानी लियातार आणि जेरेमी त्रुई या जोडीच्या २०१५ च्या 'गागारीन' या लघुपटावर ये. पॅरिसजवळच्या इव्हरी-स्युर-सेन इथल्या ज्या वसाहतीत तो घडतो तिचे उद्घाटन १९६३ मध्ये पहिला अंतराळवीर युरी गागारीन याने स्वतः केले होते, आणि ती पाडण्याचे काम २०१९ मध्ये सुरू झाले. आईबापांच्या पिढीला जे आधुनिक घर म्हणून मिळाले ते मुलांच्या डोळ्यांदेखत पाडले जाते; इथे दोन्ही पिढ्या एकाच बाजूला उभ्या आहेत आणि भांडण तिसऱ्याशीच आहे. याच जोडीच्या २०१८ च्या 'शियँ ब्लू' मध्ये बाप बाहेरच्या जगाला इतका भितो की घराबाहेर पडत नाही आणि सगळे काही निळे रंगवत सुटतो, आणि त्याचा मुलगा, तमिळ नृत्याची आवड असलेल्या एका मुलीच्या मदतीने, बापाला वाचवणारी योग्य छटा शोधतो. मुलगा बापाशी भांडत नाही, त्याच्या निळ्या खोलीला दार पाडू पाहतो. तुझ्या मसुद्यातल्या प्रत्येक लघुपटात तरुण आक्रमक आणि प्रौढ अडवणारे आहेत, म्हणून हा लघुपट मी मुद्दाम सुचवत आहे.

लाज ली याच्या २०१७ च्या 'ले मिझेराब्ल' या लघुपटाबद्दल तू उत्साहाने लिहिले आहेस आणि तो उत्साह मला आवडला. पॅरिसजवळच्या माँफेर्मेयच्या वस्तीत गस्त घालणारे पोलीस, त्यांच्यात नव्याने आलेला एक अधिकारी, आणि त्यांच्या हातून घडलेली आगळीक टिपणारा ड्रोन. याच गाभ्यातून पुढे २०१९ चा पूर्ण लांबीचा चित्रपट झाला आणि त्याला कान महोत्सवात परीक्षकांचे पारितोषिक मिळाले. ली स्वतः त्याच वस्तीत वाढला आणि पोलिसांच्या वागण्याचे चित्रण करतच चित्रपटांकडे वळला. पण एक धागा तुझ्या नजरेतून सुटला आहे. व्हिगोची मुले छपरावर चढली होती. इथे तीच उंची ड्रोनने मिळवली आहे. खालची सगळी जागा दुसऱ्याची असली की तरुण वर जातात. हे दोन लघुपट शेजारी ठेवून लिहिलेस तर तुझ्या लेखाला कणा मिळेल.

आता दोन बंदिस्त जागा. बांजामँ पारां याच्या २०१२ च्या एका बारा मिनिटांच्या लघुपटाचे नाव 'हा काउबॉयचा चित्रपट नव्हे' अशा अर्थाचे आहे. आदल्या रात्री दूरचित्रवाणीवर दोन गुराख्यांच्या प्रेमाची अमेरिकन कथा दाखवली गेली आहे, आणि मधल्या सुटीत शाळेच्या स्वच्छतागृहात एक मुलगा मित्राला सांगतो की आपण ती पाहून फार हललो. पलीकडे मुलींच्या स्वच्छतागृहात एक मुलगी दुसरीला तिच्या समलिंगी वडिलांविषयी विचारते. शाळेतली ही एकच जागा शिक्षकांच्या नजरेबाहेरची आहे, म्हणून तिथेच खरे बोलणे होते. आणि त्या बोलण्यात एक प्रौढ, जो पडद्यावर येतच नाही, सर्वांत जास्त उपस्थित असतो. पिढ्यांमधला ताण दाखवायला दोन पिढ्या समोरासमोर उभ्या कराव्याच लागतात असे नाही, हे या बारा मिनिटांकडून शिकण्यासारखे आहे.

दुसरी जागा बास्तीय ऑपेराचा रंगमंच. क्लेमाँ कोजितोर याने २०१७ मध्ये पॅरिसच्या राष्ट्रीय ऑपेरासाठी जेमतेम सहा मिनिटांचा लघुपट केला. रामो या संगीतकाराच्या १७३५ च्या 'लेझांद गालांत' मधल्या नृत्यसंगीतावर क्रम्प नाचणारे तरुण त्या रंगमंचावर वर्तुळ करून उभे राहतात आणि एकेक जण मध्ये उतरतो. क्रम्प हा नाच लॉस एंजलिसच्या कृष्णवर्णीय वस्त्यांमध्ये या शतकाच्या आरंभी आकाराला आला. आणि रामोचे ते संगीतही १७२५ मध्ये पॅरिसला आणलेल्या लुइझियानाच्या आदिवासींचा नाच पाहून सुचलेले आहे. दोन्ही नाच दूरवरून आले, फरक इतकाच की पहिल्या वेळी नाचणाऱ्यांकडे पाहणारे लिहीत होते आणि या वेळी नृत्यरचना बँतू दांबेले, ग्रिश्का आणि ब्राहिम राशिकी यांची, म्हणजे त्या परंपरेच्या आतल्या माणसांची आहे. तू या लघुपटाला 'उपसंस्कृतीचा विजय' म्हटले आहेस. मला तो पाहताना प्रत्येक वेळी अंगावर काटा येतो, आणि तरीही 'विजय' हा शब्द मला पटत नाही. रंगमंच दिलेला होता, घेतलेला नव्हता. संस्थेने निमंत्रण दिले, दिवे लावले आणि पुढे २०१९ मध्ये त्याच ठिकाणी संपूर्ण ऑपेराही त्याच दिग्दर्शकाकडून करवून घेतला. उसन्या जागेचा मालकच जेव्हा प्रेमाने दार उघडतो, तेव्हा उपसंस्कृतीचे काय होते, हा प्रश्न मला आजही सुटलेला नाही. तू तो सोडवायची घाई करू नकोस, पण विचार जरूर.

आलीस दियोप हिचा 'व्हेर ला तांद्रेस' आणि मैमुना दुकुरे हिचा 'मामाँ' या दोन लघुपटांना फ्रान्सच्या २०१७ च्या सेझार चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट लघुपटाचा मान विभागून मिळाला. पहिल्यात उपनगरातले तरुण पुरुष प्रेमाविषयी बोलतात, आणि आपण ज्यांचे आवाज ऐकतो त्यांचेच चेहरे आपल्याला दिसत नाहीत. मित्रांच्या घोळक्यात जे बोलायला जागा नाही त्यासाठी दिग्दर्शिकेने ही आवाजाची वेगळी खोली बांधली आहे. दुसऱ्यात बाप सेनेगलहून परतताना दुसरी बायको घेऊन येतो आणि आठ वर्षांची मुलगी घराची वाटणी पाहत राहते. आजवरची नावे बहुतेक पुरुषांची आली, हा दोष माझ्या यादीचा आहे तसाच त्या इतिहासाचाही आहे; तुझ्या लेखात तो राहू देऊ नकोस.

एक धोक्याची सूचना द्यायची आहे. तू कॅफेला सगळीकडे 'कट्टा' म्हटले आहेस. शब्द गोड आहे आणि वाचकाला चटकन पोहोचतो, पण आपल्या कट्ट्यावर बसायला पैसे पडत नाहीत आणि तो बहुधा कोणाच्या तरी दारासमोर असतो, त्यामुळे आतल्या काकूंची हाक तिथपर्यंत येते. फ्रेंच कॅफेत पैसे मोजले की कोणाची हाक येत नाही. दानिएलची सारी कहाणी या फरकावर उभी आहे. साम्य दाखवण्याच्या मोहात हा फरक पुसला गेला तर तुझा वाचक फ्रान्सच्या नावाखाली आपलीच गल्ली पाहील.

कामाची रीत सांगतो. प्रत्येक लघुपट एकदा आवाज बंद करून पाहा आणि चौकटींच्या वहीत त्या जागेचा नकाशा काढ: दारे, खिडक्या, पलंग, टेबल. मग कोण कुठून आत आले आणि कोण कुठून बाहेर गेले त्याचे बाण काढ. प्रौढांसाठी एक रंग, तरुणांसाठी दुसरा. नकाशा पुरा झाल्यावरच कपड्यांकडे आणि संगीताकडे वळ. क्लेर्माँ-फेराँच्या महोत्सवात, जिथे दर हिवाळ्यात दीड लाखाहून अधिक प्रेक्षक केवळ लघुपट पाहायला जमतात, तुला पुढेमागे जायचे आहे हे मला ठाऊक आहे. तिथे दिवसाला वीस-पंचवीस लघुपट डोळ्यांसमोरून जातील, आणि तेव्हा ही सवय उपयोगी पडेल.

सुरुवात त्र्यूफोच्या 'आंत्वान ए कोलेत' पासून कर. पाच देशांच्या दिग्दर्शकांनी मिळून केलेल्या १९६२ च्या 'विसाव्या वर्षीचे प्रेम' या संग्रहातला तो अर्ध्या तासाचा फ्रेंच भाग आहे. सतरा वर्षांचा आंत्वान ग्रामोफोन तबकड्यांच्या कारखान्यात काम करतो, एकटा राहतो, आणि संगीताच्या मैफलीत दिसलेल्या कोलेतच्या प्रेमात पडतो. तिच्या जवळ राहता यावे म्हणून तो तिच्या घरासमोरच्या हॉटेलात खोली घेतो. त्या वयाच्या मुलाला हवी असते ती स्वतःची खोली त्याच्याकडे आहे, स्वतःच्या पगाराची आहे, आणि तिचा त्याला एकच उपयोग आहे, समोरच्या खिडक्या पाहण्याचा. कोलेतचे आईवडील त्याच्यावर माया करतात, त्याला जेवायला बोलावतात, कामाची चौकशी करतात. कोलेतला मात्र त्याच्यात रस नाही. शेवटच्या प्रसंगात आंत्वान त्यांच्याकडे जेवायला आलेला असतो, दारावरची घंटा वाजते, एक उंच तरुण आत येतो, आणि कोलेत त्याच्याबरोबर बाहेर निघून जाते. आंत्वान तिच्या आईवडिलांबरोबर दूरचित्रवाणी संचासमोर बसतो.

या प्रसंगाचा नकाशा काढ. मग कोलेतच्या सावत्र वडिलांच्या खुर्चीतून तो प्रसंग कसा दिसतो यावर दोन पाने लिही. मुलगी बाहेर गेली आहे, परका मुलगा घरात उरला आहे, त्याचे दुःख त्यांना कळते आहे आणि त्याला जा म्हणता येत नाही, थांब म्हणूनही उपयोग नाही. ती दोन पाने घेऊन पुढच्या रविवारी घरी ये. तुझ्या मसुद्याची पेन्सिलने खुणा केलेली प्रत मी टेबलावर काढून ठेवली आहे. अस्ताशवरच्या ओळीशी मोठी फुली आहे, ती पाहून घाबरू नकोस.

कळावे.

तुझा,
सर